खाचेतली रेघ

“मागं हात फिरवू नको, जयू. एकदा गेला तो हात गेला. वली भुई चाळवली की रुसती.”

पन्नास वर्षांपूर्वीचा तो आवाज जयमालाच्या कानात अजून ओला होता. चाकणच्या अलीकडच्या त्यांच्या गावात आई, अंबुबाई, अंगण सारवायची, आणि सारवता सारवता स्वतःशीच गुणगुणायची:

सारवते गं अंगण, हात पुढंच चालला
मागं फिरविता पुन्हा, ओला पोत उकलला

आता अंगण नव्हतं, शेण नव्हतं, आईही नव्हती. मोशीतल्या चौथ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये, हॉलभर अंथरलेल्या रद्दी पेपरांवर जयमाला मांडी ठोकून बसली होती आणि स्वयंपाकघरातल्या कपाटाचं एक दार तिच्यापुढे आडवं पडलं होतं. दाराला दुधावरच्या सायीसारखा रंग देऊन झालेला, वाळलेला. त्यावर तिने ब्रशने ग्लेझ फासलं होतं. काकवीसारखं दाट, तपकिरी, पण आरपार दिसणारं. दहा मिनिटं थांबायचं, मग मऊ सुती कापडाने वरचं वर पुसून घ्यायचं, एकाच दिशेने, एका दमात. सपाटीवरचं निघून जातं आणि नक्षीच्या खाचांत तेवढं राहतं. खाचेत राहिलेली ती बारीक रेघ म्हणजेच सगळी करामत. कालचं कोरं दार त्या रेघेने एकदम घरंदाज दिसायला लागतं, काजळ घातलेल्या लेकीसारखं.

कापड दाराच्या टोकाशी पोचलं आणि तिने हात उचलला. रेघ उमटली होती. अखंड. श्वास सोडावा म्हणून तिने मान वर केली, तर दारात सोपानराव उभे.

“हे काय मळवून ठेवलंस?”

“मळवलं न्हाई. ग्लेझ हाय.”

“चांगला पांढरा रंग दिला व्हता. काचंवानी. त्याच्यावर हे चिखलाचं पोतेरं कशापायी?”

“अहो, मुद्दाम करत्यात असं.”

“मुद्दाम घाण करत्यात?” सोपानरावांनी मान किंचित वाकडी करून दाराकडे पाहिलं. “आमच्या लाइनवर असा पार्ट आला असता तर रिजेक्ट. सरळ रिजेक्ट. रंगवणाऱ्याचा अर्धा दिवसाचा पगार बी.”

“ही तुमची लाइन न्हाई. माझं स्वयंपाकघर हाय.”

“म्हणूनच म्हणतो,” ते म्हणाले आणि बाल्कनीत निघून गेले.

जयमालाने कापड बादलीत आपटलं. बत्तीस वर्षांच्या संसारात तिने कापड बादलीत आपटण्याची ही कितवी वेळ, ते बादलीलाच ठाऊक.

सोपानराव मोशीचेच. भावकीची जमीन गेली, तिच्यावर इमारत उठली, त्यात वाट्याला हा फ्लॅट आला. त्याच्या कितीतरी आधी, ऐन विशीत, ते चाकणच्या एका कारखान्यात लागले होते. गाड्यांच्या सुट्या भागांना रंग देणारा कारखाना. तिथे ते फायनल तपासणीला होते. ट्यूबलाइटच्या पांढऱ्याफेक उजेडात, पट्ट्यावरून सरकत येणाऱ्या प्रत्येक बंपरवर नजर आणि बोट फिरवायचं. कुठे धुळीचा कण, कुठे ओघळ, कुठे संत्र्याच्या सालीसारखा खरबरीत पोत. सापडलं की तिथे लाल बाणाचा बारका स्टिकर लावायचा, टोक बरोबर खोटीवर. बाण लागला की पार्ट मागे. तीस वर्षं ते दिवसभर खोट शोधत राहिले, आणि खोट शोधणारा माणूस संध्याकाळी बसमधून उतरतो तेव्हा डोळे काही गेटवर ठेवून येत नाही.

स्टिकरची गुंडाळी घरीही यायची. एकदा फ्रिजच्या दाराला बाण, एकदा भिंतीवरच्या ओलीला. मुलगी स्नेहल सातवीत असताना गणिताच्या वहीला. एकदा तर जयमालाने लाटलेल्या पोळीच्या कडेवर, जिथे ती जाड राहिली होती तिथे. पोळी बघून स्नेहल पोट धरून हसली होती. जयमालाही हसली. मग स्वयंपाकघरात जाऊन पुढची पोळी तिने इतकी पातळ लाटली की तव्यावरच फाटली.

वाईट माणूस नव्हे हो. कधी हात उगारला नाही, दारूला शिवला नाही, पगार आणून तिच्या हातात दिला. फक्त बत्तीस वर्षांत तिच्या हातच्या कुठल्याही गोष्टीला ‘चांगलं झालंय’ म्हणून मोकळा झाला नाही. भाजी चांगली झाली की गप्प जेवायचा. गप्प म्हणजे पास. तेवढ्यावर तिने संसार केला.

हे ग्लेझचं खूळ आलं ते स्नेहलकडून. ती लग्न करून पुनावळ्याला राहते. तिने मोबाइलवर व्हिडिओ बघून डबा मागवला, एक दार केलं, हात काळे झाले, कंटाळली आणि उरलेला डबा आईकडे टाकून गेली. जयमालाने पहिल्यांदा एका फळकुटावर करून बघितलं. दुसऱ्या फळकुटावर तिला कळलं की कापड कोरडं असलं तर रेघ फाटते आणि फार ओलं असलं तर वाहते. तिसऱ्यावर तिचा हात बसला. अंगण सारवलेला हात तो, त्याला ओल कळत होती.

आणि मग समोरच्या विंगमधली वर्षाली आली. हिंजवडीला कामाला जाणारी, चटपट बोलणारी, साखर मागायच्या निमित्ताने. तिने ते फळकूट हातात घेऊन उलटसुलट पाहिलं.

“काकू, हे तुम्ही केलंत? माझ्या किचनचं एका माणसाला विचारलं तर तो म्हणाला, असलं काम इकडे कोणी करत नाही. तुम्ही तुमचं किचन आधी करा, रविवारी मी बघायला येते. आवडलं तर माझं तुम्हीच करायचं. आणि मैत्रिणीचंही. काकू, धंदा सुरू होईल तुमचा!”

धंदा! छप्पन्नाव्या वर्षी! जयमाला हसली खरी, पण त्या रात्री तिला झोप लागली नाही. तिच्या नावावर कधी कुठलं काम लागलं नव्हतं. सोपानरावांची बायको, स्नेहलची आई, भावकीतली धाकली सून. ‘हे जयमालानं केलं’ असं कुणी बोट ठेवून दाखवावं अशी एक वस्तू जगात नव्हती. आता चौदा दारं होती.

आणि मुदत रविवारची होती.

बरं, सोपानरावांनी सुरुवातीला अडवलं नव्हतं. उलट चौदाही दारं त्यांनीच घासून दिली. बारीक पॉलिश पेपर घेऊन आठवडाभर बसले, डोळे मिटून, बोटाच्या टोकाने चाचपत. त्यांचं बोट म्हणजे बोट होतं. त्यावर जयमालाने रोलरने साय-रंग दिला तेव्हा दारं अशी झाली की माशी बसली तर घसरावी. इथवर सगळं ठीक होतं. तपकिरी डबा उघडला आणि बिनसलं.

बुधवारी पहाटे जयमाला उठली ती टर्पेंटाइनच्या वासाने.

सोपानरावांना अजून पहिल्या शिफ्टची सवय होती, पावणेपाचला टक्क जागे. ती हॉलमध्ये आली तर दिवा लावून, हातात चिंधी घेऊन ते पेपरांवर बसलेले. मंगळवारी केलेल्या चार दारांपैकी तीन पुन्हा पांढरीशुभ्र.

“अहो!”

“निघालं सगळं,” ते समाधानाने म्हणाले. “ओलं व्हतं म्हणून निघालं. वाळलं असतं तर घासावं लागलं असतं.”

ती इतकी कडाडली की खालच्या मजल्यावरचा कुत्रा भुंकायला लागला.

“तुमाला काय म्हणावं मी! दीस दीस बसून केलं ते! पाठीचा काटा ढिला झाला माझा! इचारलं का कुणाला?”

“डाग पुसायला काय इचारायचं?”

“ते डाग न्हाईत! रेघा हायेत! दिसत न्हाई का तुमाला?”

सोपानराव एकदम चिंधीची घडी घालायला लागले. “मला जे दिसलं ते मी केलं,” ते म्हणाले. आणि चहा ठेवायला स्वतः उठले, जे ते कधी उठत नसत.

बुधवारी तिने ती तीन दारं पुन्हा केली, शिवाय आणखी दोन. संध्याकाळी स्नेहलला फोन लावून सगळं सांगितलं.

“आई, बाबांना सरळ सांग, याला हात लावायचा नाही.”

“सांगितलं.”

“मग?”

“मग म्हणाले, ‘हात कुठं लावतोय, चिंधी लावतोय.’”

स्नेहल हसली. तिला हसायला काय जातंय! दूर राहणाऱ्या लेकीला आईबापाचं भांडण मालिकेसारखं वाटतं.

गुरुवारी सकाळी दारं पुसलेली नव्हती. त्यांच्यावर बाण होते. लाल, बारके, टोकदार. जयमालाने मोजले, सत्तावीस. निवृत्त होऊन दोन वर्षं झाली तरी गुंडाळी संपली नव्हती.

“पुसू नको म्हणालीस, न्हाई पुसलं,” सोपानराव पेपर न वाचता नुसताच मांडीवर ठेवून म्हणाले. “खुणा केल्यात. तूच दुरुस्त कर.”

ती नखाने एकेक बाण काढत बसली. बाणाच्या चिकटीबरोबर ओलसर ग्लेझचे टवके निघाले. जिथे खोट नव्हती तिथे आता खोट झाली. शेवटचं दार तिने वैतागून बाणांसकट कचऱ्याच्या डब्याशेजारी ठेवून दिलं. तिने एक बाण त्यांच्या चहाच्या कपाला चिकटवला. सोपानराव कप घेऊन प्यायले आणि काही बोलले नाहीत. त्याचाही तिला राग आला. निदान भांडावं तरी माणसाने!

दुपारी तिने आणखी चार दारं केली आणि ओली आठही एकेक करून गच्चीवर नेली. वाळायला मोकळी हवा मिळेल आणि बोटांपासून सुटका होईल. पण मोशीची हवा ती. खाली रस्त्यावर चाकणकडे निघालेले ट्रेलर, शेजारी नव्या टॉवरचं खोदकाम, आणि वारा असा की धूळ पायऱ्या चढून येते. पाच वाजता दारं खाली आणली तेव्हा प्रत्येकावर रव्यासारखी खर बसली होती. सोपानरावांनी पहिल्याच दारावर बोट फिरवलं आणि त्यांचा चेहरा उजळला.

“धूळ,” ते म्हणाले. “आमी पेंट बूथमध्ये टोपी घालून, हवा मारून जायचो. तू नेलंस गच्चीवर.”

“तुमच्यापायी नेलं!”

“धुळीला काय माहीत कुणापायी?”

चौदांतलं मंगळवारचं एक दार तेवढं बचावलं होतं. शुक्रवार उजाडला होता. मधे दोनच दिवस, आणि टर्पेंटाइनने पुसून पुसून तिच्या बोटांची सालं निघाली होती. जयमाला पिशवी घेऊन आळंदी रस्त्यावरच्या हार्डवेअरच्या दुकानात निघाली. घरात थांबली असती तर तिने चौदाही दारं खिडकीतून खाली टाकली असती, आणि एक माणूसही.

दुकानात काउंटरपाशी एक उंच, काळासावळा माणूस ब्रश निवडत होता. त्याने वळून पाहिलं आणि हात जोडले.

“वहिनी, नमस्कार. ओळखलं का? धम्मपाल. सरांच्या हाताखाली होतो की, तपासणीला.”

तिने ओळखलं. परभणीकडचा तो. स्नेहलच्या लग्नात वाढायला पुढे होता.

“बरे हायेत का सर?”

“बरे हायेत. मला बरं ठेवत न्हाईत,” जयमाला म्हणाली. धम्मपाल हसला.

“अन डोळ्याचं काय म्हणलं डॉक्टर? इंजेक्शनं चालू आहेत का अजून?”

जयमालाच्या हातात चिकटपट्टी होती. तिने ती सावकाश काउंटरवर ठेवली.

“चालू हायेत,” ती म्हणाली. का खोटं बोलली ते तिचं तिला कळलं नाही. कदाचित म्हणून, की नवऱ्याचं दुखणं परक्याला माहीत आणि बायकोला नाही, ही लाज झाकायला दुसरं काही हाताशी नव्हतं.

“साखरेनं पडदाच खाल्ला म्हणं. कडेचं दिसतं, पण मधलं पुसट. बारीक काही दिसत नाही,” धम्मपाल सांगत राहिला. “पण वहिनी, माणूस लई सच्चा बघा. कुणाला कळलं नव्हतं. आम्हाला सुद्धा नाही. बोटावर काम रेटलं असतं तर निवृत्तीपर्यंत रेटलं असतं. पण एक ओघळ सुटला त्यांच्या हातून, गाडीवाल्या कंपनीकडून पार्ट परत आला. कोणाची चूक ते सुद्धा सापडत नव्हतं. तर हे सोता गेले मॅनेजरकडं. म्हणले, तो मी सोडला, मला दिसत नाही, मला इथून काढा. सगळ्यांसमोर बोलले. मग शेवटचं दीड वर्ष पार्ट टांगायच्या हुकांवरचा वाळला रंग खरवडायला बसवलं होतं त्यांना. मागच्या शेडमध्ये, एकट्याला. तुम्हाला सांगितलंच असंल म्हणा.”

“व्हय, सांगितलं ना,” जयमाला म्हणाली.

पिशवी घेऊन ती रस्त्याच्या कडेने चालायला लागली. बसथांबा मागे राहिला तरी तिच्या ध्यानात आलं नाही. आधी डोळ्यांत पाणी आलं, आणि अर्ध्या वाटेत ते आटून नुसता संताप उरला. कंपनीला सांगितलं! मॅनेजरला, धम्मपालला, लाइनवरच्या झाडून साऱ्या पोरांना! आणि ज्या बाईने दीड वर्ष रोज पहाटे डबा भरून दिला, तिला नाही. मागच्या शेडमध्ये एकटं बसून तिने दिलेली भाकरी खाल्ली आणि संध्याकाळी घरी येऊन विचारलं, आज मीठ कमी का?

मग एकेक गोष्ट जागची हलायला लागली. पेपर नुसताच मांडीवर असायचा. ‘पेपरात काय राहिलंय’, म्हणायचे. टीव्ही मान वाकडी करून बघायचे, आणि ती दीड वर्ष त्यांच्या मानेला तेल चोळत होती. दर महिन्याला ‘भोसरीला मित्राकडं’ जायचे. येताना एक डोळा लाल असायचा. ‘धूळ गेली’, म्हणायचे.

घरी येऊन तिने कचऱ्याच्या डब्याशेजारी ठेवलेलं, गुरुवारचे बाण न काढलेलं शेवटचं दार उजेडात धरलं. चार बाण होते. एकही कशावर नव्हता. टोकं सगळी मोकळ्या जागेवर रोखलेली, रेघेपासून बोटभर, दोन बोटं दूर. ज्या माणसाचा बाण तीस वर्षं सुईच्या अग्राएवढ्या कणावर बसायचा, त्याचा तो बाण.

तिने दार पुन्हा भिंतीला टेकवून ठेवलं.

“आणलंस का सामान?” बाल्कनीतून सोपानरावांनी विचारलं.

“आणलं.” ती बाल्कनीच्या उंबऱ्यापाशी गेली. “अहो.”

“काय?”

“डोळ्याला काय व्हतंय का तुमच्या?”

“डोळ्याला काय धाड भरलीय? ठणठणीत हायेत.”

तिने दात आवळले. चांगला दरवाजा उघडून दिला होता, आत यायला काय झालं होतं या माणसाला?

“न्हाई, म्हणलं, साखर हाय तुमाला. एकदा दाखवून यावं.”

“तुला दारं जमंनात म्हणून आता माझे डोळे शोधायला लागलीस व्हय?”

त्या क्षणी ती सगळं बोलणार होती. धम्मपालचं नाव जिभेवर आलं होतं. पण सोपानराव कठड्यावर हात ठेवून खाली रस्त्याकडे बघत होते, मान कलती करून, आणि त्या कलत्या मानेकडे पाहून तिला जे कळलं त्याने तिचं तोंड बंद झालं. आपण सांगितलं तर ते त्यांचं उरणार नाही. त्यांनी लपवलेली ही एकच गोष्ट होती आणि ती उघडायचा हक्क त्यांचा होता. पण तोंड बंद झालं म्हणून राग थोडाच बंद होतो! रात्री वाढताना तिने आमटीची वाटी इतकी जोरात ठेवली की सोपानराव दचकले.

शनिवारी तिने पद्धत बदलली.

“या, बसा इकडं. दहा मिनटं झाली की मला सांगायचं. मोबाइल टाइम बोलून दावतो, त्याच्यावरनं. आणि ग्लेझच्या आधी प्रत्येक दार बोटानं बघून द्यायचं. धूळ असली तर तुमी काढायची. ग्लेझ मी लावणार. पुसणार बी मीच.”

“मी कशाला?”

“तुमच्या बोटाएवढं बोट माझ्याकडं न्हाई म्हणून.”

सोपानराव पेपरांवर बसले. गप्प बसले, म्हणजे पास. सकाळी सातपासून दोघं कामाला लागली. ते बोट फिरवायचे, कुठे कण लागला की पॉलिश पेपरचा तुकडा हळूच मारायचे, दार तिच्याकडे सरकवायचे. ती ब्रश मारायची. मोबाइल बोलला की “झाली” म्हणायचे. ती कापड ओढायची, एका दमात, मागे न फिरता. मधे एकदा त्यांचं बोट ओल्या ग्लेझकडे गेलं.

“अंहं!” ती ओरडली.

बोट हवेत थांबलं. “बघत नव्हतो,” ते म्हणाले.

“माहीत हाय,” ती म्हणाली, आणि तिला स्वतःचीच जीभ चावावीशी वाटली.

पण त्यांनी ते ऐकलं नाही, किंवा ऐकून सोडून दिलं. दुपारी अडीच वाजता चौदावं दार झालं. तेरा ओल्या दारांभोवती तिने दोन खुर्च्या आडव्या लावल्या, त्याला साडी बांधली आणि म्हणाली, “उद्या पहाटे इकडं फिरकलात तर स्नेहलकडं निघून जाईन. कायमची.”

“काय करणार तिकडं?”

“दारं रंगवीन.”

रविवारी पहाटे ती पावणेपाचला स्वतःहून जागी झाली आणि अंथरुणातच नाक ताणून हुंगत राहिली. टर्पेंटाइनचा वास नव्हता. शेजारची जागा रिकामी होती. हॉलमध्ये सोपानराव खुर्चीवर बसले होते, साडीच्या अलीकडे, दिवा न लावता. हात मांडीखाली दाबून.

आठ वाजता दोघांनी मिळून दारं बसवली. बिजागरीचे स्क्रू त्यांनी बोटाने चाचपून लावले, तिने धरलं. वरून पारदर्शक लेप द्यायचा राहिला होता, पण तो नंतर देता आला असता. साडेदहा वाजता स्वयंपाकघरात ऊन आलं आणि चौदा दारांच्या खाचा एकदम बोलक्या झाल्या. जयमाला ओट्याला टेकून बघत राहिली. कुणी काही म्हणो, झालं होतं. तिला दिसत होतं.

अकराला वर्षाली आली. केस ओले, हातात मोबाइल. तिने एक दार उघडलं, लावलं. दुसऱ्यावर हात फिरवला.

“किती गुळगुळीत आहे!” मग जवळ वाकून, “काकू, हे कडेला असं जरा काळपट... हे असंच असतं ना? म्हणजे छान दिसतंय. मला आवडलंय. पण माझ्या मिस्टरांनी पाहिलं तर म्हणतील, मळलंय. एकदा करून घेतलं की दहा वर्षं तेच बघायचं, म्हणून विचारते.”

जयमालाने पदर खोचला. ती बोलणार, तेवढ्यात वर्षाली दारात उभ्या असलेल्या सोपानरावांकडे वळली.

“काका, तुम्ही तर तीस वर्षं पेंट तपासलात ना? तुम्हीच सांगा. तुम्ही ओके म्हणालात की विषय संपला.”

जयमालाने सोपानरावांकडे पाहिलं. ‘मळलंय’ म्हणाले तर काम गेलं. आणि ‘ओके’ म्हणाले तर... तर ते खोटं ठरणार होतं, आणि न दिसलेला पार्ट या माणसाने जाणूनबुजून कधी पास केला नव्हता. ती पुढे झाली. “त्यांना कशाला इचारती, त्यांना यातलं काय...”

सोपानरावांनी हाताने तिला थांबवलं. ते ओट्यापाशी आले. मधल्या मोठ्या दारावर तळहात टेकवला, मग एक बोट खाचेत ठेवून वरून खाली आणलं. सावकाश, शेवटापर्यंत. बोट थांबलं तिथेच ठेवून ते बोलले.

“पोरी, बोटाला लागतंय तेवढं मी सांगतो. धूळ न्हाई. ओघळ न्हाई. कुठं खरबड न्हाई. तेवढं ओके.”

“आणि रंगाचं? या रेघांचं?”

“ते मला इचारू नको. मला रेघ दिसत न्हाई. साडेतीन वर्सं झाली. मधलं सगळं पुसट झालंय. रेघंचं काम हिचं हाय. हिला इचार. ही म्हणंल ते फायनल.”

वर्षालीने एकदा त्यांच्याकडे पाहिलं, एकदा जयमालाकडे. मोबाइल खाली घेतला. मग हळू आवाजात म्हणाली, “काकू, नीट झालंय ना?”

“झालंय,” जयमाला म्हणाली. स्वतःच्या कामाला तिने दिलेला तो पहिला शब्द.

“मग पुढच्या सोमवारी माझ्याकडे या. मी किचन रिकामं करून ठेवते.”

ती गेली. बाहेरचं दार लागल्याचा आवाज आला. सोपानराव तिथेच उभे होते, बोट अजून खाचेत. जयमालाकडे बघायला त्यांनी मान कलती केली, जशी ते साडेतीन वर्षं करत होते, आणि या वेळी ती कलती आहे हे त्यांनी लपवलं नाही.

“तुझं काम मी पुसलं,” ते म्हणाले. “मला ते घाण वाटलं. मला दिसतच न्हाई गं, जयमाला. कंपनीत सांगितलं, तुला न्हाई सांगितलं. तुझ्यापुढं लाज वाटली.”